भिंतीवरच्या दोन रेघा : बोरच्या जंगलाकडेचे सहा दिवस

परत येऊन तीन आठवडे झाले. फिल्मचं संकलन सुरू आहे, पण त्याआधी हे लिहून काढायचं होतं, कारण जे घडलं त्यातलं बरंचसं कॅमेऱ्यात नाही.

वर्धा जिल्ह्यात बोर धरणाच्या पलीकडे एक घर आहे. आजी, दादा, वहिनी, आठवीतली मुलगी आणि चौथीतला मुलगा. चार एकर वावर, गवळाऊ जातीची पाच जनावरं, कोंबड्या, विहीर. घरात विजेची तार नाही, सिलिंडर नाही, नळ नाही. दादा नऊ वर्षं पुण्याकडे कारखान्यात होते. वडील गेल्यावर परतले, गावातलं घर भावाला दिलं आणि वावरातच राहायला लागले. विजेचा खांब दीड किलोमीटरवर आहे. तो जवळ येईपर्यंत वाट पाहायची म्हणून छपरावर दोन सोलर पॅनल बसवले आणि मग वाट पाहणं सुटलं. मला या घराच्या सहा दिवसांची फिल्म करायची होती. त्यांची अट एकच होती, नाव-गाव कुठे येऊ द्यायचं नाही. म्हणून इथेही ते नाही.

पहिला दिवस

मुंबईकडच्या गाड्या वर्ध्याला थांबतात. दिल्ली-चेन्नई मार्गावरून येत असाल तर तुमचं स्टेशन सेवाग्राम. दोन्ही जवळजवळच आहेत, तिकीट काढताना मात्र बघून काढा. मी आणि ध्वनिमुद्रणाचं काम बघणारा माझा मावसभाऊ सकाळी उतरलो, स्टेशनबाहेर तर्री-पोहे खाल्ले, वाटेसाठी गोरसपाक बिस्किटांचे दोन पुडे घेतले आणि दुपारपर्यंत वेळ होता म्हणून सेवाग्रामला गेलो.

आश्रमात मी लहानपणी आजोळी अमरावतीला यायचे तेव्हा एकदा येऊन गेले होते. तेव्हा लक्षात राहिला होता तो साप पकडायचा लाकडी चिमटा. या वेळी पाय थांबले ते टेलिफोनपाशी. गांधीजी १९३६ मध्ये इथे राहायला आले ते खेड्यात खेड्यासारखं राहायचं म्हणून. घरं माती, बांबू, कवेलूंची. तरी व्हाइसरॉय लिनलिथगो यांना गांधीजींशी बोलता यावं म्हणून ते इथे राहत असतानाच टेलिफोनची तार आली. ती तार गांधीजींनी तोडून टाकली नाही. माझ्या फिल्मचं पहिलं दृश्य मी घरूनच ठरवून आले होते: चारही बाजूंनी रान, एकही तार नाही, मधोमध एक घर. टेलिफोनपाशी उभं असताना त्या दृश्याबद्दल मनात कुठेतरी खुट्ट झालं. तेव्हा ते नीट कळलं नाही.

नागपूर रस्त्याने सेलूकडे जाताना पवनार लागतं. धाम नदीच्या काठावर विनोबांचा आश्रम. इथेच १९५० च्या सुमारास त्यांनी कांचनमुक्तीचा प्रयोग केला होता, म्हणजे पैशाशिवाय जगून बघायचं. भाजी स्वतः पिकवायची, विहिरीचा रहाट बैलांऐवजी माणसांनी ओढायचा. १९५१ च्या एप्रिलमध्ये ते तेलंगणात होते आणि पोचमपल्लीला भूदान सुरू झालं. आम्ही पुलावरूनच पुढे गेलो, कारण दादांनी दिवस मावळायच्या आत यायला बजावलं होतं. बोरचं जंगल २०१४ पासून व्याघ्र प्रकल्प आहे आणि अंधार पडल्यावर तिथल्या पांदणीने, म्हणजे शेतवाटेने, कुणी पायी जात नाही.

हिंगणी ओलांडून डांबरी रस्ता सुटला तिथे दादा बंडी घेऊन उभे होते. पांढरेशुभ्र दोन बैल, अंगाने हलके, चाल अशी की सामान घट्ट धरून बसावं लागलं. "गवळाऊ हाये ताई, थे चालत नाई, पयतेच," दादा म्हणाले. घरी पोचलो तेव्हा वहिनी सपरीत, म्हणजे पडवीत, कंदिलाची काच पुसत होत्या. लाइट असताना कंदील कशाला, असं मी विचारलं. "राहू द्या न पुसून ठेवलेला," एवढंच म्हणाल्या.

जेवायला ज्वारीची भाकर, चून (पिठलं), जवसाची चटणी. थंडी इतकी की जेवून हात धुतल्यावर बोटं वाकेनात.

दुसरा दिवस

पहाटे पाचला जात्याच्या आवाजाने जाग आली. रोज दळत नाहीत, गावात चक्की आहे. पण आजींना पहिली भाकर घरच्या पिठाची लागते, तेवढं दोन ओंजळी त्या स्वतः दळतात. वय ऐंशीच्या आसपास. मी कॅमेरा लावला तर म्हणाल्या, "थांब, लुगडं बदलून येतो." त्या बदलून आल्या तेव्हा दळण संपलेलं होतं.

पुढचे तीन तास मी फक्त मागे मागे धावले. शेणाचं काम वहिनींकडे. गोबर गॅसचं टाकं घराच्या मागे, दोन घनमीटरचं, जमिनीत पुरलेलं, वर फक्त विटांचा घुमट दिसतो. रोज दोन मोठ्या टोपल्या शेण, तेवढंच पाणी, हाताने कालवायचं, काडी-कचरा निवडून टाकायचा. पाच जनावरांच्या शेणात पाच माणसांचा दोन्ही वेळचा स्वयंपाक होतो, पण उन्हाळ्यात. थंडीत टाक्यातले जिवाणू मंदावतात आणि गॅस निम्म्यावर येतो. म्हणून दिवाळीनंतर घुमटावर कुटार (पिकाचा भुसा) पसरून ठेवतात आणि शेण कोमट पाण्यात कालवतात. तरीही संध्याकाळची भाकर पऱ्हाटीच्या, म्हणजे कापसाच्या, काड्यांवर, चुलीवर. टाक्यातून निघणारी मळी सरळ पाटाने वांग्यांना जाते. ती वांगी मी पाचही दिवस खाल्ली. भरलेली, भाजलेली, नुसती तेलात परतलेली. इतकी गोड वांगी मी आजोळ सुटल्यापासून खाल्ली नव्हती.

मग धान्य. माजघरात मातीच्या तीन ढोल्या आहेत, माणसाच्या खांद्याइतक्या उंच, वरून शेणाने लिंपलेल्या. दादांनी हिशेब सांगितला: वर्षाला घराला पाच क्विंटलच्या आसपास धान्य लागतं. त्यात ज्वारी जास्त, मग गहू. तूर, हरभरा, जवस, तीळ वावरातलंच. तांदूळ होत नाही, तो विकत. या भागात ज्वारी जवळजवळ गेलीच. सोयाबीन आणि कापूस आला. दादा म्हणाले, "ज्वारी गेली तं नुसती भाकर नाई गेली ताई, कडबा गेला. कडबा गेला म्हून ढोरं गेली. ढोरं गेली म्हून शेणखत गेलं. मंग पोतं आणा दुकानातून." त्यांनी हे बैलांना कडबा टाकता टाकता सांगितलं आणि मावसभावाने ते सुंदर मुद्रित केलं, कडब्याच्या सळसळीसकट.

बिजवाई वेगळी. पुढच्या पेरणीचं बी राखेत मिसळून मडक्यांत ठेवतात. प्रत्येक मडक्याच्या गळ्याला चिंधी, चिंधीचा रंग म्हणजे पिकाची खूण. ते सगळं वहिनींच्या ध्यानात. दादांना विचारलं तर त्यांनीही वहिनींकडेच बोट दाखवलं.

सपरीच्या आतल्या भिंतीवर कोळशाच्या रेघा दिसल्या. पाच ठिकाणी, वेगवेगळ्या झुबक्यांत, काही उभ्या, काहींवर आडवी रेघ मारलेली. मुलाने काढल्या असतील असं वाटून मी त्यांचं चित्रण केलं नाही.

त्या रात्री आम्ही सगळ्या बॅटऱ्या चार्जिंगला लावल्या. कॅमेऱ्याच्या आठ, लॅपटॉप, दोन हार्ड डिस्क, दोन फोन. दादांनी एकदा विचारलं, "इतकं लागते?" मी हो म्हटलं.

इथे हिशेब मांडते, कारण अशा कामाला निघालेल्या कुणाच्याही उपयोगी पडेल. त्यांची बॅटरी १२ व्होल्ट, १५० अँपिअर-तासांची. गुणाकार केला तर १८०० वॅट-तास, पण ही शिशाची बॅटरी निम्म्याखाली उतरवली तर तिचं आयुष्य झपाट्याने कमी होतं. म्हणजे वापरायला ९००. चार एलईडी बल्ब, रेडिओ, दोन फोन, मुलीच्या अभ्यासाचा दिवा धरून घराची गरज दिवसाला २५० च्या आसपास. आमची एकट्यांची गरज ६०० च्या वर निघाली. ऊन असतं तर दुसऱ्या दिवशी भरून निघालं असतं. हा गुणाकार मी पुण्यात बसून करायला हवा होता. तुम्ही जाल तेव्हा घडीचं सोलर पॅनल स्वतःचं न्या, चार्ज केलेल्या पॉवर बँका न्या आणि यजमानांच्या सॉकेटला हात लावण्याआधी त्यांची बॅटरी किती मोठी आहे ते विचारा.

तिसरा दिवस

सकाळी आभाळ आलं होतं. करडं, खाली उतरलेलं, हवा एकदम दमट. दादा दारात उभे राहून वर बघत होते आणि आजी हरभऱ्याच्या तुकड्याकडे चालायला लागल्या होत्या. थंडीतल्या आभाळाने घाटेअळी येते हे मला माहीत होतं, पण आजी रोपावर हात फिरवून पानाच्या मागची अंडी शोधतात ते कधी पाहिलं नव्हतं. दुपारी वहिनींनी निंबोळ्यांचं पोतं काढलं. पावसाळ्याच्या तोंडावर वेचून सुकवलेल्या. पाच किलो कुटून फवारणीसाठी पाण्यात भिजत घातल्या. शंभर लिटर पाण्याला पाच किलो, हे प्रमाण मुलगी पाठ असल्यासारखं म्हणत होती. तिच्या हातात ते सगळं काम आहे. दूध काढते, गॅसचा पाइप साफ करते, सोलरच्या काचेवरची धूळ पुसते. मी तिला विचारलं, तुला इथेच राहायला आवडेल का? तिने कॅमेऱ्याकडे नीट पाहून सांगितलं, "मले हे सगळं येते मावशी. पण मले नर्सिंग कराचं हाये. अन् होस्टेलात राह्याचं हाये." वहिनी शेजारीच होत्या. त्या निंबोळ्या ढवळत राहिल्या, आणि मुलगी गेल्यावर मला म्हणाल्या, "हे ठेवजा बरं फिलममधी. कापजा नोको."

दिवसभर ऊन पडलंच नाही. विहिरीवरचा छोटा पंप पॅनलवरच चालतो, तो बंद. पाणी दोराने ओढलं. मीही ओढलं, आणि अकराव्या बादलीला तळहाताची सालटं निघाली.

संध्याकाळी साडेसात वाजता इन्व्हर्टर तीनदा ओरडला आणि घर काळं झालं.

मुलीचं भूगोलाचं पुस्तक उघडं होतं. कुणी काही बोललं नाही. वहिनींनी आगपेटी शोधली आणि पुसून ठेवलेला कंदील लावला. मला पहिल्या दिवशीचं उत्तर तेव्हा मिळालं. आजींनी एक पणती पुस्तकाशेजारी ठेवली, करंजीच्या बियांच्या तेलाची. वर्ध्यात मगनवाडीला ग्रामोद्योगवाल्यांनी रॉकेलऐवजी अशाच वनस्पती तेलावर जळणारा मगनदीप केला होता. मगन संग्रहालय १९३८ पासून तिथे आहे, वर्ध्यात थांबलात तर अवश्य बघा. पण त्या क्षणी मला संग्रहालय आठवलं नाही. मला फक्त ती मुलगी पुस्तक पणतीकडे तिरकं धरून वाचताना दिसत होती, आणि तिचा उजेड माझ्या पिशवीत आठ बॅटऱ्यांमध्ये भरलेला होता. त्यातल्या सहा मी दिवसभरात संपवल्याही होत्या.

मी दादांची माफी मागितली, नवी बॅटरी घेऊन देते म्हटलं. अशी बॅटरी पंधरा हजारांच्या आसपास येते. दादा म्हणाले, "थे पैशाचं सोडा. जागलीले चालता का?"

जागल म्हणजे रात्री पिकाची राखण. रोही (नीलगायी) आणि रानडुकरं एका रात्रीत ज्वारी झोपवतात. वावराच्या मधोमध चार बल्ल्यांवर मचाण, खाली शेकोटी, वर गोणपाट आणि घोंगडी. उरलेल्या दोन बॅटऱ्या मी सकाळसाठी राखल्या आणि कॅमेरा घरीच ठेवला. मावसभावाकडे पेन्सिल सेलवर चालणारा रेकॉर्डर होता, तेवढा घेतला.

त्या रात्रीबद्दल लिहायला मला सगळ्यात जास्त जागा हवी होती, आणि खरं तर सांगण्यासारखं थोडंच आहे. अंधार इतका की शेकोटीपलीकडे स्वतःचे पायही दिसत नव्हते. ज्वारीची पानं आपापसात बोलत होती. दर अर्ध्या-पाऊण तासाने दादा उठून पत्र्याचा डबा बडवायचे आणि लांबलचक हाळी द्यायचे. ती हाळी संपायच्या आत नाल्याकडून दुसरी यायची. मग टेकडीच्या पायथ्याकडून तिसरी. मग फार लांबून, ऐकू आली की नाही अशी शंका यावी इतकी बारीक, चौथी. पाच घरांची पाच वावरं आहेत तिकडे. कुणी झोपला तर साखळी तुटते आणि दोन्ही बाजूंचे ओरडून त्याला उठवतात. एकदा नाल्याकडची हाळी आली नाही. दादा शिडीवर उभे राहिले, पुन्हा हाक मारली, पुन्हा. मग तिकडून खोकत खोकत उत्तर आलं आणि दादा खाली बसले. "एकट्याची जागल नाई होत," ते म्हणाले. पहाटे तीनच्या सुमारास जंगलाकडून सांबराचा इशारा ऐकू आला. भोंग्यासारखा, एकदाच. त्यानंतर बराच वेळ कुणीच हाळी दिली नाही.

ते सगळं आमच्याकडे फक्त आवाजात आहे. चार तास दहा मिनिटं. संकलन करताना मी पडदा काळाच ठेवणार आहे.

(जागलीला जाणार असाल तर दादांसारख्या माणसाबरोबरच जा. थंडी दहा अंशांपर्यंत उतरते, कानटोपी आणि जाड घोंगडी लागतेच. टॉर्च विनाकारण मारू नका, शेजारच्या मचाणावरचा माणूस घाबरतो. आणि ड्रोन आणलाच असेल तर पिशवीतच राहू द्या. व्याघ्र प्रकल्पाच्या लगत परवानगीशिवाय तो उडवता येत नाही, आम्हीही उडवला नाही.)

चौथा दिवस

पहाटे झोप लागली असेल-नसेल तोच थेंब पडायला लागले. दादा मचाणावरून उडी मारूनच खाली गेले. नाल्याकडच्या घराची तूर सोंगून वावरात पसरलेली होती, वाळायला. भिजली तर शेंगा काळ्या पडतात, दाण्याला बुरशी धरते.

आम्ही पोचलो तेव्हा चार घरांची माणसं आधीच होती. पेंढ्या उचलायच्या, पळत खळ्यावर न्यायच्या, गंजी लावायची, वर ताडपत्री. मी दोन फेऱ्या कॅमेऱ्याने टिपल्या. मग एका म्हाताऱ्या बाबांनी माझ्याकडे पाहिलं, रागाने नव्हे, जागा अडवल्यासारखं. मी कॅमेरा ताडपत्रीखाली ठेवला आणि पेंढी उचलली. तुरीची पेंढी हलकी दिसते. तिच्या तुराट्या मनगटावर ओरखडे काढतात आणि ते घामाने रात्रीपर्यंत चुरचुरतात. पावणेदोन तासांत सगळी तूर गंजीत गेली. शेवटच्या दहा मिनिटांत पाऊस जोरात आला आणि गेला. तिथल्या काकूंनी पातेलंभर काळा चहा दिला, गुळाचा, आल्याचा. पाऊस थांबल्यावर सगळे हसायला लागले, कशावर ते कळलं नाही, पण मीही हसले.

घरी आलो तर आजी सपरीतल्या भिंतीपाशी कोळसा घेऊन उभ्या. पाच झुबक्यांच्या शेजारी, मोकळ्या जागेवर एक नवी उभी रेघ होती.

"हे तुमचं," त्या म्हणाल्या. "कालचा लाइट."

त्या रेघा मुलाने काढलेल्या नव्हत्या. तो पाच घरांचा हिशेब होता. कुणाच्या तुरीला कोण गेलं, कुणाचे बैल कुणाच्या पेरणीला आले, कुणाच्या घरचं दूध आटलं तेव्हा कुणी पाठवलं. एका पाळीची एक उभी रेघ, फिटली की त्यावर आडवी. आजींना लिहिता येत नाही. पण दुसऱ्या कुठल्याही घरात हिशेबावरून वाद झाला तर माणसं या भिंतीपाशी येतात.

मग त्यांनी आमच्या रेघेवर आडवी रेघ मारली. "अन् हे सकाळचं फिटलं."

मावसभाऊ म्हणाला, आजी, आम्ही दोघं होतो, दोन माणसांचं काम झालं. आजींनी मान हलवली. "माणसं नाई मोजत जी. घर मोजतो. तुमी दोघं मिळून एक घर."

मी तिथेच बसले. चार दिवस मी ज्या घराला स्वावलंबी म्हणत होते, टिपणवहीत, निधीच्या अर्जात, मित्रांना सांगताना, त्या घराच्या भिंतीवर सगळ्यात जास्त जागा देण्या-घेण्याने व्यापली होती. मी गॅस पाहिला, ढोल्या पाहिल्या, पॅनल पाहिलं. ही भिंत पाहून पुढे गेले होते. बाजारावर आणि बिलावर त्यांचं घर चालत नाही हे खरं आहे, पण ते शेजाऱ्यांवर चालतं. ते एकटं घर दाखवणारं माझं पहिलं दृश्य चूकच नव्हे, खोटं झालं असतं.

रात्री आभाळ तसंच. लाइट दुसऱ्यांदा गेली, या वेळी आम्ही काहीच लावलेलं नसताना, कारण बॅटरी भरलीच नव्हती. आजींनी न बोलता दुसरी रेघ काढली.

पाचवा दिवस

अकरा वाजता ऊन पडलं. घरातल्या प्रत्येकाने बाहेर येऊन पॅनलकडे पाहिलं. दादांनी नियम घातला, आधी घराची बॅटरी, मग पंप, उरलं तर तुमची एक. एका बॅटरीत मला दिवसाला जेमतेम तास-दीड तासाचं चित्रण मिळणार होतं. त्यामुळे मी प्रत्येक वेळी कॅमेरा सुरू करण्याआधी थांबून बघायला लागले, आणि फिल्मची सगळ्यात चांगली दृश्यं या शेवटच्या दीड दिवसातली आहेत.

आठवडी बाजाराचा दिवस होता. मी घरीच थांबायचं म्हणत होते. वहिनींनी ऐकलं नाही. "बाजार नाई दाखोला तं लोकं म्हणतीन, हे मीठ बी घरीच पिकोतात." म्हणून बंडीत बसून निघालो. वहिनींनी दोन किलो तूप, चाळीस अंडी आणि वांग्यांची टोपली विकली. घेतलं ते असं: मीठ, चहापत्ती, गूळ, तांदूळ, आगपेट्यांचा पुडा, मुलांच्या वह्या. दादांनी लोहाराकडे वखराची पास, म्हणजे पातं, शेवटून (धार काढून) घेतली. मग आम्ही सगळे प्राथमिक आरोग्य केंद्रात गेलो, आजींच्या बीपीच्या गोळ्या घ्यायला. महिन्याच्या गोळ्या तिथे मोफत मिळतात. नर्सबाईंनी बीपी मोजलं, गोळ्या संपायच्या आत येत जा म्हणून आजींना प्रेमाने रागावल्या. मुलगी पूर्ण वेळ त्या यंत्राकडे बघत होती. ते मी टिपलं. आजींनी परवानगी दिली, नर्सबाईंनी चेहरा न दाखवायच्या अटीवर दिली. रुग्णालयात, शाळेत कॅमेरा काढण्याआधी तोंडी नव्हे, लेखी परवानगी घ्या आणि नाही म्हणाले तर तो तिथेच बंद करा.

संध्याकाळी हुरडा. उशिरा पेरलेला एक पट्टा अजून दुधात होता. गोवऱ्यांच्या आरात कणसं खुपसायची, गरम असतानाच हातावर चोळायची. हिरवे दाणे, वाफ, राखेचा वास. सोबत लसणाची चटणी, गूळ, ताक. नाल्याकडचं घर आलं होतं, टेकडीकडचंही. कणसं चोळून चोळून तळहात लाल झाले होते, माझ्या सालट्या निघालेल्या जागी तर आग होत होती, पण थांबवेना. रेडिओवर नागपूर केंद्र लागलं होतं, आणि दहा वाजेपर्यंत लाइट होती.

सहावा दिवस

निघायच्या आधी मी सगळ्यांना सपरीत बसवून कॅमेऱ्याच्या छोट्या पडद्यावर थोडं दाखवलं. दादांनी स्वतःचा आवाज ऐकून खाली पाहिलं. मुलाला फक्त बैल बघायचे होते. आजींनी वहिनींचं शेण कालवण्याचं दृश्य पूर्ण पाहिलं आणि म्हणाल्या, "हिचा हात लय चांगला चालते, मले आज दिसलं." वहिनी आत निघून गेल्या. थोड्या वेळाने आल्या तेव्हा हातात चिंधीत बांधलेली पुरचुंडी होती, हुरड्याच्या ज्वारीची बिजवाई. आजोळी आमचं थोडं वावर आहे हे मी बोलता बोलता सांगितलं होतं, ते त्यांनी लक्षात ठेवलं होतं. "पावसात टाकजा. पिकलं तं दीडपट आणून देजा."

बंडी जुंपली. मी आत जाऊन भिंतीचं चित्रण केलं, तिपाईवर कॅमेरा ठेवून, तीन मिनिटं, काही न हलवता. सकाळचं ऊन दारातून तिरकं येत होतं. आजी मागे येऊन उभ्या राहिल्या. मी दुसऱ्या रेघेकडे बोट दाखवून विचारलं, आजी, हिचं काय करायचं?

"राहू दे," त्या म्हणाल्या. "जूनमधी पेरणी हाये."